तीन पोती जुनी वाळू

सोमवार, ४ फेब्रुवारी

टेम्पो धरला! आमचा! वाळूचोर म्हणून!

हे सकाळी टेम्पो घेऊन निघाले आणि दुपारी पायी परत आले. खांद्यावर टॉवेल, हातात नुसती पाण्याची बाटली. चेहरा असा, की मला आधी वाटलं कुणीतरी गेलं. "गाडी नेली," एवढं म्हणून ओट्यावर बसले. पुढचं सगळं चिमट्याने ओढून काढावं लागलं.

नव्या दुकानात भट्टी हलवायची म्हणून पहिली खेप भरली होती — मोठी कढई, दोन चाळण्या, कच्च्या शेंगदाण्यांचं एक पोतं आणि दाणे भाजायच्या वाळूची तीन पोती. पुलाच्या अलीकडे खनिज खात्याचं पथक उभं. "पक्की खबर आहे," म्हणत त्यांनी ताडपत्री वर केली. वाळू कुठली, असं विचारलं. ह्यांनी खरं ते सांगितलं, "भट्टीची." तर त्यातला एक म्हणतो, "ही नदी कुठे आली?"

एवढं चालू असताना शेजारून वाळूचे दोन डंपर गेले. ओली वाळू, खालून पाणी गळतंय. पथकातल्या एकाने हात वर केला — थांबवायला नाही, टाटा करायला!

चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते हेच. आणि आमचा संन्यासी तरी कसा? स्वतःच्या हाताने किल्ली काढून दिली आणि वर सांगितलं, "हँडब्रेक जरा सैल आहे, सांभाळून न्या."

आबा आतल्या दारात उभे राहून ऐकत होते. म्हणाले, "गाडी कशाला नेली त्यांनी?" म्हटलं, आबा, वाळू गाडीत होती. ती काय चालत जाणार? सासऱ्यांपुढे एवढं तोंड चालवू नये, पण आज राहवलं नाही. ते आत निघून गेले.

मंगळवार, ५ फेब्रुवारी

टेम्पो नाही म्हणजे दुकानांना माल पोचत नाही. हे आज सायकलला पिशव्या लटकवून फिरले. दुकानदार विचारायचे, टेम्पो कुठाय? आणि हे खरं सांगायचे. संध्याकाळपर्यंत गावभर झालं — दाणेवाले वाळूत सापडले! ह्यांना खोटं बोलायला शिकवायला हवं होतं, लग्न झालं तेव्हाच. आता हाडं जून झाली.

हलायची कल्पना माझीच. ही गल्ली मेली आहे. नवा रस्ता झाल्यापासून इथून मांजरं जातात आणि समोरच्या गिरणीत दळण टाकायला येणाऱ्या बायका. त्या पीठ घेतात, आमच्या दुकानाकडे बघून "छान वास सुटलाय हो" म्हणतात आणि जातात. वासाचे पैसे कोण देतं? स्टँडसमोर गाळा मिळतोय, मोक्याचा. मालक म्हणजे घड्याळाच्या दुकानाचा म्हातारा, त्याने बजावलंय — एक तारखेला शटर वर गेलं नाही तर गाळा मोबाइलची कव्हरं विकणाऱ्याला. तो रोज येऊन गाळ्यात डोकावून जातो म्हणे.

आबांना विचारण्यात अर्थच नव्हता, ते नाहीच म्हणाले असते. सगळं ठरल्यावर सांगितलं. तेव्हा म्हणाले, "भट्टी हलवली की विझते." आबांकडे अशा म्हणी पोत्याने आहेत. निम्म्या त्यांच्या स्वतःच्याच असाव्यात.

टेम्पो तर हवाच. पण खरा जीव अडकलाय तो वाळूत. लोकांना वाटतं, वाळू ती वाळू. नव्या वाळूत दाणा टाकून बघा — एका अंगाने करपतो, दुसऱ्या अंगाने कच्चा, आणि खाताना दाताखाली कचकच. वर्षानुवर्षं भाजून काळी तुकतुकीत झालेली वाळू दाण्याला सगळीकडून सारखी ऊब देते आणि चाळणीतून झरझर उतरते, कणभर चिकटत नाही. ती टाकायची नसते. दर वर्षी मूठभर नवी तिच्यात मुरवायची, विरजणासारखी. ही आमची वाळू आजेसासऱ्यांनी आणलेली. घरात चोर शिरला तर आबा माझे दागिने देतील, पण वाळूच्या पोत्यावर आडवे पडतील.

बुधवार, ६ फेब्रुवारी

आज आम्ही दोघं कचेरीत गेलो. बाकड्याला एका बाजूने विटेचा पाय. भिंतीवर लाल बादल्यांची रांग, प्रत्येकीवर 'आग' लिहिलेलं. एकीत विडीची थोटकं, एकीत कुणाची तरी छत्री, बाकीच्या रिकाम्या. आग लागली तर ती छत्री घेऊन बाहेर पडायचं असेल.

आमचं प्रकरण ज्यांच्या टेबलावर आहे त्यांचं नाव मी 'उद्यासाहेब' ठेवलंय. कुणीही समोर गेलं की मान वर न करता "उद्या या". तरी ह्यांनी हात जोडून जोडून एकदाचा पंचनामा वाचून घेतला. "सदर वाहनात अंदाजे अर्धा ब्रास वाळू विनापरवाना आढळून आली."

म्हटलं, अहो, तीन पोती होती!

"पोत्यांचा रकाना नाही, बाई. अर्ध्या ब्रासच्या खाली आम्ही जात नाही."

अर्धा ब्रास भरला असता तर आमच्या टेम्पोने दारातच मान टाकली असती. तो कोबीचे गड्डे भरले तरी कण्हतो.

शेंगदाण्याच्या पोत्याचा उल्लेखच नव्हता. मी विचारलं. उद्यासाहेबांनी तोंडातलं आधी चावून संपवलं, गिळलं, मग म्हणाले, "कसले शेंगदाणे?" टेबलाखाली टरफलांचा सडा पडला होता.

शुक्रवार, ८ फेब्रुवारी

आजचं जसंच्या तसं लिहून ठेवते, नाहीतर पुढे माझाच विश्वास बसणार नाही.

उद्यासाहेब: वाळू तुमची आहे, तर खरेदीची पावती आणा.
मी: ती माझ्या आजेसासऱ्यांनी आणली होती.
उद्यासाहेब: मग त्यांना घेऊन या.
मी: ते वारले.
उद्यासाहेब: मग मृत्यूचा दाखला.
मी: त्यावर वाळूचं काय लिहिलेलं असणार?
उद्यासाहेब: ते आम्ही बघू ना. तुम्ही दाखला तर आणा.

हे घरी येऊन खरंच ट्रंक उघडून बसले. दाखला शोधत! मी ट्रंक बंद केली, त्यांचं बोट थोडक्यात वाचलं.

सोमवार, ११ फेब्रुवारी

टेम्पो बघून आले. कचेरीमागच्या आवारात उभा आहे, एका जप्त डंपरच्या कुशीत. त्या डंपरमधून वेल वर आलाय आणि त्याला फुलंसुद्धा लागलीयत. म्हणजे इथे गाड्या सुटत नाहीत, रुजतात.

आमच्या टेम्पोचं एक चाक बसलंय. बॅटरी नाही. सीटवर कोंबडी! अंडं घालून माझ्याकडे अशी बघत होती, जसं काही मीच बेकायदेशीर आत शिरले. आवाराचा रखवालदार गळ्यात शिट्टी घालून फिरतो. माणूस वाईट नाही. म्हणाला, "ताई, बॅटरी पहिल्या दिवशीच गेली. मी रात्रपाळीला नसतो हो." मग दिवसपाळीला असताना काय करतो ते दिसलंच — आमच्या कढईत पाणी भरून पाय धूत होता. तीन पिढ्यांची कढई!

तिथेच भांडले. कढई, चाळण्या डोक्यावर घेऊन घरी आले. त्यांचाही पंचनामा नव्हता, म्हणून कुणी अडवलं नाही. पोती मात्र "मुद्देमाल" आहेत, त्यांना हात लावायचा नाही. रखवालदाराच्या खोलीत एकावर एक रचली आहेत आणि वर त्याची उशी.

कढई बघून आबांना हायसं वाटेल असं मला वाटलं. त्यांनी ती राखेने घासून घासून लख्ख केली, पण माझ्याकडे मान वर करून बघितलं नाही.

मंगळवार, १२ फेब्रुवारी

काल उद्यासाहेबांच्या वरच्या साहेबांची मीटिंग होती. आज साहेब दौऱ्यावर. परवापासून रजेवर. सरकारी काम अन् सहा महिने थांब — आमच्याकडे एक महिनाही नाही!

गुरुवार, १४ फेब्रुवारी

कळलं! कोणी केलं ते कळलं!

कचेरीसमोरच्या टपरीवर एक माणूस बसतो. बगलेत फायली, कानाला फोन. नोकरी कसलीच नाही, तरी कचेरीतले शिपाई त्याला 'सर' म्हणतात. दलाल म्हटलेलं आवडत नाही, 'सल्लागार' म्हणायचं. मला म्हणाला, "ताई, सरळ रस्त्याने गेलात तर गाडी भंगारातच सापडेल. माझ्यावर सोडा." मी नको म्हटलं. तर म्हणाला, "बरं, एक माहिती फुकट देतो, आठवण राहावी म्हणून." आणि ज्या नंबरवरून तक्रार आली तो नंबर सांगितला. तक्रारदाराचं नाव गुप्त ठेवतात ते असं — टपरीवर सगळ्यांना ठाऊक, फक्त ज्याच्यावर तक्रार त्याला नाही.

शेवटचे आकडे ऐकले आणि माझ्या डोक्यात भट्टी पेटली. तो नंबर मला पाठ आहे. दळण झालं का विचारायला मीच लावते. समोरचा गिरणीवाला!

तशीच तडक गिरणीवर. बायका डबे घेऊन उभ्या होत्या, ते बरंच झालं. म्हटलं, "आमच्या ओट्यावर बसून चहा प्यालात आणि आमचाच गळा कापलात! नव्या दुकानाचा एवढा पोटशूळ?" गिरणीवाला पिठाने पांढरा, पापण्याही पांढऱ्या, त्यामुळे चेहरा पडला की नाही कळायला मार्ग नव्हता. म्हणाला, "वहिनी, आत्ता घरी जा. आपण नंतर बोलू."

"नंतर कशाला? फोन तुमचाच ना?"

"फोन माझाच," म्हणाला. एवढंच! आणि पट्टा चढवून गिरणी सुरू केली. मी ओरडले, तुमच्या पिठात खडे पडोत! गिरणीच्या आवाजात त्याला ऐकू गेलं की नाही कुणास ठाऊक. बायकांना गेलं.

जेवताना पुन्हा उसळले. म्हटलं, ज्यानं फोन केला त्याच्या तोंडात माती पडो, त्याचे हात झडोत, त्याला म्हातारपणी कुणी पाणी विचारू नये! आबांना ठसका लागला. हे त्यांच्या पाठीवरून हात फिरवत मला डोळे दाखवत होते — जेवताना कशाला, म्हणून. आबा ताट तसंच टाकून उठले. दाढ दुखत असेल. दात आहेत तर चणे नाहीत, आणि चणे आहेत तर दात नाहीत. आमच्याकडे चणे जन्मभर होते, आता दातच उरले नाहीत.

शुक्रवार, १५ फेब्रुवारी

आबा सकाळी म्हणाले, "गिरणीवाल्याला काही बोलू नकोस. चांगला माणूस आहे." म्हटलं, आबा, तुम्हाला सगळेच चांगले वाटतात. आता दळण दूरच्या गिरणीत टाकायचं. डबा जड होतो, पण स्वाभिमान आहे.

सोमवार, १८ फेब्रुवारी

दुकानदार थांबत नाहीत. घरातला भाजलेला माल काल संपला. म्हणून ह्यांनी हिंमत करून नव्या वाळूत घाणा काढला. व्हायचं तेच झालं. निम्मे दाणे कोळसा, निम्मे पांढरेफटक. हे म्हणाले, "ठीक आहेत की." मग स्वतः एक खाल्ला आणि बराच वेळ जीभ दातांवरून फिरवत राहिले. स्टेशनरीवाल्याने तर पुड्या परत केल्या — "वहिनी, गिऱ्हाईक म्हणतं, दाणे आहेत की पॉलिशपेपर?"

घड्याळवाल्याचा निरोप आला. कव्हरवाला गाळ्याची लांबी-रुंदी मोजून गेला.

मला आज रडू आलं. डोळे पुसले आणि चाळणी घेतली.

बुधवार, २० फेब्रुवारी

साहेब उगवले!

साहेबांची खोली गार. टेबल इतकं स्वच्छ की त्यावर काम होत असेल असं वाटत नाही. त्यांनी फाइल बोटाच्या टोकाने उघडली. "एक ब्रास वाळू. हं. दंड भरा, नाहीतर वाहनाचा लिलाव."

एक? परवा अर्धा होता! कचेरीत वाळू विते की काय? तोंडावर आलं होतं, पण ह्यांनी टेबलाखालून माझा पाय दाबला. मग मी गरिबासारखं म्हटलं, "साहेब, तुम्हीच एकदा डोळ्यांनी बघा ना. पोती इथे मागवा, मोजा. जेवढी भरेल तेवढा दंड."

साहेबांना ते एकदम आवडलं. त्यांना बहुतेक पहिल्यांदाच कुणीतरी 'डोळ्यांनी बघा' म्हटलं असावं. घंटी वाजवली. "मुद्देमाल हजर करा!"

शिपाई गेला. परत आला, उद्यासाहेबांच्या कानात बोलला. उद्यासाहेब गेले, परत आले, रखवालदाराला घेऊन आले. रखवालदार शिट्टी चाचपत उभा. सगळे एकमेकांकडे बघतायत, पण पोती काही येईनात. शेवटी उद्यासाहेब साहेबांकडे वाकून काहीतरी पुटपुटले. साहेबांचा चेहरा दूध नासल्यासारखा झाला.

"तुम्ही उद्या या," म्हणाले. इथे हा रोग वरपर्यंत आहे.

गुरुवार, २१ फेब्रुवारी

हसू की रडू! आधी हसले, मोठ्याने, कचेरीच्या बोळातच.

बाकड्यावर बसले होते. समोर त्या लाल बादल्या, ताज्या रंगवलेल्या. छत्री गायब, थोटकं गायब. सगळ्या काठोकाठ भरलेल्या. काळ्या, तुकतुकीत वाळूने! मी उठून हात घातला. एक दाण्याचं गुलाबी साल वर आलं. नाकाला लावलं — आमच्या घराचा वास!

रखवालदाराकडून काढून घेतलं. साहेब रजेवर असताना वरचे मोठे साहेब तपासणीला येऊन गेले. आदल्या दिवशी कुणाच्या तरी लक्षात आलं की आगीच्या बादल्या रिकाम्या आहेत. वाळू आणायची तर परवाना हवा, पावती हवी, आणि त्यांना स्वतःचे नियम ठाऊक! मग काय, घरचीच वाळू होती. चोरीची वाळू पकडणाऱ्यांनी पकडलेली वाळू चोरली. कुंपणानेच शेत खाल्लं. आणि तपासणीत शेरा काय मिळाला म्हणे? 'अग्निसुरक्षा — उत्तम.'

आज मला खुर्ची मिळाली. चहा मिळाला. 'बाई'ची 'ताई' झाले. उद्यासाहेबांनी दार ओढून घेतलं आणि मायेने म्हणाले, "ताई, कशाला वाढवायचं? आम्ही लिहितो — फेरतपासणीत वाहनात वाळू आढळून आली नाही. तुम्ही खाली सही करा. गाडी लगेच सोडतो. दंड नाही, काही नाही. अळीमिळी गुपचिळी."

"आणि आमची वाळू?"

"कुठली वाळू?" त्यांनी शांतपणे विचारलं. "आढळलीच नाही ना."

मी विचार करून सांगते म्हणून आले. वाळू होती म्हटलं तर मी चोर. नव्हती म्हटलं तर ती माझी नाही. एवढी डोकी त्यांनी नद्या वाचवायला लावली असती तर पूर आला असता.

शनिवार, २३ फेब्रुवारी

घरात सभा झाली. हे म्हणाले, सही करू, गाडी सोडवू, वाळू नवी मुरवू. किती वर्षं लागतील मुरायला, हे मी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही.

आबा म्हणाले, "वाळू जाऊ दे. गाडी आण, सूनबाई."

आबा! पोत्यावर आडवे पडणारे आबा! मी कपाळाला हात लावून बघितला, ताप नव्हता.

सोमवार, २५ फेब्रुवारी

सही केली. सदर वाहनात वाळू आढळून आली नाही. सही करताना समोर बादल्या दिसत होत्या.

कोंबडीला टेम्पोतून उठवायला अर्धी कचेरी लागली. तेवढी तत्परता त्यांची मी पहिल्यांदाच पाहिली. चाकात हवा भरली. बॅटरी हे कुठूनशी घेऊन आले. कुणाची विचारलं तर म्हणाले, "आहे एकाची." धक्का मारला, टेम्पो खोकला आणि चालू झाला. हे स्टिअरिंगला हात लावून काहीतरी पुटपुटत होते. माझ्याशी एवढ्या प्रेमाने कधी बोलले नाहीत.

मी मात्र मागे वळून बघत होते. माझ्या डोक्यात किडा वळवळायला लागलाय.

मंगळवार, २६ फेब्रुवारी

केलं!

सकाळी परवानाधारक डेपोतून नवी वाळू विकत घेतली, रीतसर, पावतीसकट. टेम्पोत भरली. आयुष्यात पहिल्यांदा आम्ही खरोखर वाळूची वाहतूक केली! ह्यांना घाम फुटला होता. पुलाच्या अलीकडे तेच पथक, तीच माणसं. मी पावती मुठीत धरून बसले. त्यातल्या एकाने आमच्याकडे बघितलं, ओळखलं, हात वर केला —

टाटा!

कचेरीत साहेब दौऱ्यावर होते, उद्यासाहेब जेवायला. बारा ते तीन जेवतात. रखवालदाराने एक-एक बादली उतरवून दिली. मी काळी पोत्यात ओतत होते, हे गोरी बादलीत भरत होते. रखवालदारासाठी चांगल्या वाळूतले दाणे भाजून आणीन असं कबूल केलंय. माणूस खरंच वाईट नाही. एकदा बोळाकडे बघत हळूच शिट्टी वाजवली, तर आमचा जीव गेला. म्हणाला, "सवय हो."

शेवटची बादली टांगताना विचारतो, "ताई, आग लागली तर या नव्या वाळूने विझेल ना?"

म्हटलं, विझेल. जुनीने निदान वास तरी चांगला सुटला असता.

येताना हे गाणं म्हणत होते. सूर लागत नाही ह्यांना, पण आज म्हटलं, म्हणा.

गुरुवार, २८ फेब्रुवारी

नव्या गाळ्यात भट्टी बसली. कव्हरवाला येऊन बघून गेला, मी त्याला मुद्दाम "या की" म्हटलं.

काल पोती घरी उघडली तेव्हा आबांना हाक मारली. त्यांनी वाळू तळहातावर घेतली, बोटातून सोडली, पुन्हा घेतली. "परत आणलीस?" म्हणाले. मग चाळणी ओढून दिवसभर बसले, तिच्यातून बादल्यांच्या तळातली विडीची थोटकं वेचत. कणभर कमी झाली असेल, जास्त नाही. मला वाटलं होतं ते हसतील, निदान एखादी म्हण तरी सोडतील. काही नाही. मी रागावले मनातून. एवढा आटापिटा केला, एक शाबास म्हणायला काय जातं?

संध्याकाळी त्यांना जुन्या दुकानात एकटं बसलेलं बघितलं. भट्टी काढली तिथे जमिनीवर काळं वर्तुळ उरलंय. सासूबाई तिथेच बाजूला बसून दाणे पाखडायच्या, ती जागाही घासून गुळगुळीत झालीय. आबा त्या जागेवर बसले होते. मी कामात होते, पुढे गेले.

शुक्रवार, १ मार्च

शटर वर गेलं! पहिला घाणा आबांनी काढला. वास स्टँडपर्यंत. माल दुपारीच संपला!

शनिवार, २ मार्च

फोन आबांनी केला होता.

दुकान बंद करताना त्यांनी मला एकटीला सांगितलं. गिरणीवाल्याचा फोन मागून घेतला होता, लेकीला लावायचाय म्हणून. "मला वाटलं, पोती तेवढी उतरवून घेतील आणि तुम्हाला परत पाठवतील. वाळू नाही म्हटल्यावर भट्टी तिथंच राहील. गाडी नेतील हे मला कुठे ठाऊक?" गिरणीवाल्याला नंतर सगळं कळलं. त्याला त्यांनी गप्प राहायला सांगितलं, तो राहिला. बॅटरीही त्याचीच. उद्या सकाळी गिरणीवर जायचं. दळण नाही, तरी.

म्हटलं, आबा, हलायचं नाही असं मला सरळ का नाही सांगितलंत?

"तू विचारलंस कुठे?" म्हणाले.

मी शटरला कुलूप लावलं. ते पायरीवर बसले होते, दमलेले. मी विचारलं, पाणी देऊ का?

हो म्हणाले.